वारूळ टेबलावर मांडताना: जमिनीखालच्या जगाचा स्टॉप-मोशन लघुपट घरी कसा करावा

जमिनीखालच्या जगावर स्टॉप-मोशन लघुपट, म्हणजे बाहुली दर फोटोला किंचित हलवून आणि ते फोटो सलग दाखवून केलेला पट, करायचा म्हटले की डोळ्यांपुढे प्रथम एक सुंदर भुयार उभे राहते. माझ्याही डोळ्यांपुढे ते उभे राहिले. ठाण्यात पाचपाखाडीतल्या घरी चार रविवार खर्चून मी शाडूचे एक वळणावळणाचे भुयार घडवले, त्याला छत घातले, भिंतींना मुळे चिकटवली, आत मुंगळा उभा केला आणि पहिला फोटो घेतल्यावर माझ्या लक्षात आले की, दुसऱ्या फोटोसाठी मुंगळ्याचा पाय हलवायचा तर माझा हात आत जातच नाही. चिमट्याने प्रयत्न केला तेव्हा मुंगळा पडला, मुंगळ्याबरोबर भिंतीचा कोपरा पडला, आणि उरलेले भुयार पुढच्या आठवड्यात वाळून तडकले. या लेखात जे सांगणार आहे त्यातील बरेचसे या एका चुकीतून निघालेले आहे: भुयार आधी करणाऱ्याच्या हाताचे असावे लागते, मग ते पात्राचे होते.

आधी गणित मांडून घ्यावे. चित्रपट सेकंदाला २४ चौकटींनी (फ्रेम्सनी) चालतो. परंतु स्टॉप-मोशनमध्ये एकच फोटो सलग दोन चौकटी ठेवण्याची जुनी रीत आहे आणि घरच्या कामाला तीच योग्य आहे. म्हणजे एका सेकंदासाठी १२ फोटो आणि दोन मिनिटांच्या लघुपटासाठी १,४४० फोटो लागतात. नोकरी सांभाळून काम करणाऱ्याने एका बैठकीत पाच सेकंदांचे, म्हणजे ६० फोटोंचे उद्दिष्ट ठेवावे. शनिवार-रविवार मिळून दहा सेकंद झाले तर दोन मिनिटांना १२ आठवडे पुरतात. फसलेले प्रसंग, पाहुणे आणि लग्नसराई धरून मी १६ आठवडे मोजतो. कामाचा हंगामही पाहून घ्यावा. पावसाळ्यात ठाण्याच्या हवेत कागदाचा लगदा वाळत नाही, पुठ्ठ्याला बुरशी धरते आणि लेन्सलाही धरू शकते. म्हणून दिवाळीनंतर सेट उभारावा आणि चित्रीकरण जानेवारी ते एप्रिलमध्ये उरकावे.

कथा दोन मिनिटांत मावेल एवढीच असावी आणि शक्यतो संवादांशिवाय असावी, कारण संवाद आले की प्रत्येक अक्षरासाठी तोंडाचा आकार बदलत बसावे लागते. माझी कथा अशी होती: पहिल्या पावसाचे पाणी मुंगळ्याच्या बिळात शिरते, तो एक अंडे उचलून वर निघतो, वाटेत दगड अडलेला असतो, आणि शेजारून वर येणारा शेवळाचा कोंब तो दगड बाजूला सारतो. जूनच्या सुरुवातीला ठाण्याच्या बाजारात आदिवासी बायका शेवळांच्या जुड्या घेऊन बसतात, त्या पाहताना ही कल्पना सुचली. शेवळाचा कंद वर्षाचा मोठा भाग जमिनीत निजलेला असतो आणि पावसाच्या चाहुलीने पानांच्या आधी त्याचा तपकिरी-जांभळा फुलोरा वर येतो. भाजी काकडाच्या आंबट फळांशिवाय केली तर घसा खाजतो हे घरोघरी माहीत असते. जमिनीखाली हा कंद काय करत असतो याचा विचार मात्र फारसा कोणी करत नाही.

कथा ठरल्यावर तिची १५ ते २० साधी चित्रे काढावीत, ती मोबाइलवर क्रमाने लावून प्रत्येकाला अंदाजे वेळ द्यावा आणि तो कच्चा पट घरातल्या कोणाला तरी काहीही न सांगता दाखवावा. दगड का हलला हे त्यांना कळले नाही, तर दोष चित्रकलेचा नसून प्रसंगांच्या मांडणीचा आहे असे समजावे आणि तो या टप्प्यावरच सुधारावा.

उभा छेद आणि हाताची वाट

आपण लहानपणी दिवाळीत केलेला किल्ला आठवावा. विटा-दगडांचा ढीग, त्यावर चिखलात बुडवलेले पोते, वर पेरलेले अळीव. म्हणजे आत आधार, वर कातडे आणि शेवटी बारकावे. सेटची रचना नेमकी तशीच करायची असते. फरक एवढाच की हा किल्ला समोरून सुरीने कापल्यासारखा उघडा ठेवायचा. मातीचे थर कसे दिसावेत हे पाहायला पुस्तकांची गरज नाही. घोडबंदर रोडवर किंवा खारघरच्या बाजूला इमारतीचा पाया खणलेला दिसला की पत्र्याच्या फटीतून पाहून घ्यावे: वर भराव किंवा तांबूस माती, तिच्याखाली पिवळट-तपकिरी मुरूम आणि तळाशी काळा पाषाण. खाडीच्या जवळ मुरुमाऐवजी राखाडी चिखल लागतो. माती मात्र येऊरच्या जंगलातून आणू नये. ते राष्ट्रीय उद्यानाचे क्षेत्र आहे. रोपवाटिकेतून आणलेली एक पिशवी दोन लघुपटांना पुरते.

माझ्या दुसऱ्या सेटची रुंदी ९० सेंटिमीटर, उंची ६० आणि खोली ४० होती. वाशीच्या बाजार समितीतून आंबा ज्या लाकडी पेट्यांतून येतो, त्यांच्या फळ्यांचा चौथरा उत्तम होतो. वर १२ मिलिमीटरचे प्लायवुड टाकावे. भुयारांच्या भिंती पुठ्ठ्याच्या पट्ट्यांवर कागदाचा लगदा थापून कराव्यात. थर्माकोल हलका असला तरी तो टाळावा. एक तर सजावटीच्या थर्माकोलवर राज्यात २०१८ पासून बंदी आहे, आणि दुसरे म्हणजे त्याचे पांढरे दाणे काळ्या भुयारात प्रत्येक फोटोत नव्या जागी दिसतात.

आता हाताची वाट. कागदावर सेटचा आराखडा काढताना प्रत्येक भुयारात पात्र कुठे उभे राहणार ते खुणावे आणि त्या प्रत्येक जागेपर्यंत हात कोणत्या बाजूने येणार हे बाणाने दाखवावे. बाण काढता आला नाही तर ते भुयार रद्द समजावे. माझ्या सेटमध्ये छताचे तीन तुकडे सुटे होते आणि ते खुंटीवर बसत असल्याने काढून पुन्हा ठेवले तरी केसभरही सरकत नव्हते. मागच्या भिंतीला दोन झडपा होत्या, आणि चौथरा टेबलापासून ३० सेंटिमीटर उचललेला असल्यामुळे खालूनही हात घालता येत होता. दूरची भुयारे लहान होत जावीत, म्हणजे ४० सेंटिमीटरच्या खोलीत लांबच लांब वाट असल्याचा भास होतो. तेथे पात्र न्यायचेच नसल्याने हाताचा प्रश्न उद्भवत नाही.

प्रमाणाविषयी सर्वांत जास्त गैरसमज आढळतो. मुंगळा प्रत्यक्षात एखाद्या सेंटिमीटरहून थोडा मोठा असतो आणि माझी बाहुली सहा सेंटिमीटरची होती, म्हणजे सगळे जग पाचपट मोठे झाले होते. अशा वेळी भिंतीला बारीक चाळलेली माती लावली की मुंगळा हत्तीएवढा आणि बीळ डोंगरातल्या बोगद्याएवढे वाटू लागते. किड्याच्या डोळ्यांनी पाहायचे असेल तर वाळूचा कण हरभऱ्याएवढा दिसला पाहिजे. म्हणून भिंतींना बांधकामाची कच, कोळशाचे तुकडे आणि चिंचोके लावावेत, तंतुमुळांसाठी सुतळी व नारळाचा काथ्या वापरावा, आणि बारीक माती फक्त त्यांच्या फटींत भरावी. हे सगळे फेविकॉल व पाणी निम्मे-निम्मे घेऊन, त्यात भांडी घासण्याच्या साबणाचा एक थेंब टाकून, फवाऱ्याने भिजवून पक्के करावे. साबणामुळे द्रावण मातीत मुरते. नाहीतर ते थेंबाथेंबाने वरच राहते. एकही कण सुटा राहता कामा नये, कारण सुटा कण प्रत्येक फोटोत हलतो आणि पडद्यावर सगळी भिंत उकळल्यासारखी दिसते. गव्हाच्या पिठाची खळ वापरण्याचा मोह आवरावा. मी मुंग्यांच्या अंड्यांसाठी मोठा साबुदाणा खळीने चिकटवला आणि दुसऱ्या दिवशी सेटवर खऱ्या मुंग्यांची रांग लागली. ३१ फोटोंत त्या माझ्या मुंगळ्यापेक्षा सराईतपणे वावरताना दिसतात.

पात्रे

मुंगळ्याच्या शरीराचे डोके, छाती आणि पोट असे तीन भाग असतात आणि सहाही पाय छातीलाच जोडलेले असतात. नवशिके दोन पाय पोटाला लावतात आणि मग चाल कधीच जमत नाही. डोक्यासाठी रिठ्याची बी घ्यावी. काळी, गोल, तुकतुकीत आणि कठीण, जणू याच कामासाठी जन्मलेली. तिला हातड्रिलने भोक पाडावे लागते आणि एखाद-दुसरी फुटते. छाती व पोट एम-सीलने घडवावे. शरीराच्या कण्यासाठी दीड मिलिमीटरची अॅल्युमिनियमची तार दुहेरी पिळून घ्यावी आणि पायांसाठी त्याहून बारीक तार एकेरी वापरावी. तार वाकून वाकून एके दिवशी तुटते, तीही नेमकी प्रसंगाच्या मध्यावर. म्हणून पहिल्याच दिवशी एकसारखे तीन मुंगळे करून ठेवावेत. पायांच्या टोकांना छोटे लोखंडी खिळ्यांचे माथे लावून सेटखालून किंवा भिंतीमागून चुंबक धरला की बाहुली उभ्या भिंतीवरही टिकते. चौथरा उचलून ठेवण्याचे आणखी एक कारण हेच. मात्र १२ मिलिमीटरच्या प्लायवुडमधून चुंबकाची पकड पुरत नाही. पात्र जेथून चालणार तेथे तळ कापून पातळ पत्रा किंवा पुठ्ठा बसवावा.

गांडुळाला सांगाड्याची गरज नसते. तेलकट मॉडेलिंग क्लेची वळकटी करून प्रत्येक फोटोला ती हाताने थोडी बदलावी. एप्रिलमध्ये हा क्ले लोण्यासारखा होतो, तेव्हा स्टीलच्या डब्यात घालून दहा मिनिटे फ्रीजमध्ये ठेवावा, आणि बोटांचे ठसे खोबरेल तेलाच्या बोटाने पुसावेत.

शेवळाचा कोंब हे खरे यंत्रकाम आहे. दादासाहेब फाळके यांनी १९१२ साली कुंडीतल्या वाटाण्याची वाढ दिवसाला एक चौकट याप्रमाणे महिनाभराहून अधिक काळ टिपून काही क्षणांचा पट केला होता. तो मार्ग येथे बंद आहे, कारण शेवळ वर्षातून एकदाच येते आणि आपल्या मुंगळ्याच्या वेळापत्रकाने येत नाही. त्यामुळे कोंब खालून ढकलावा लागतो. चौथऱ्यात एम६ मापाचा नट पक्का बसवून त्यातून खालून आठ-दहा सेंटिमीटरचा बोल्ट फिरवावा. या बोल्टचे आटे एक मिलिमीटर अंतरावर असतात, म्हणजे एक पूर्ण फेरा दिला की टोक बरोबर एक मिलिमीटर वर येते. बोल्टच्या टोकावर लाकडी दांडी आणि दांडीवर क्लेचा कोंब बसवावा; दांडीला आडवी टाचणी मारून ती उभ्या खाचेत अडकवावी, नाहीतर कोंब वर येताना भोवऱ्यासारखा फिरेल. दर फोटोला अर्धा फेरा दिला तर चार सेंटिमीटर वाढ ८० फोटोंत, म्हणजे साडेसहा सेकंदांहून किंचित जास्त वेळात होते. दगड हलण्याच्या क्षणी पाव फेऱ्यावर उतरावे. अडथळ्याशी झालेली झुंज त्या मंदावण्यातूनच दिसते.

कॅमेरा, प्रकाश आणि आपली इमारत

मोबाइलवर काम उत्तम होते, मात्र तो स्टँडला घट्ट अडकवलेला, चार्जिंगला लावलेला आणि विमान-मोडवर असावा. ऐन रंगात आलेला फोन एक बैठक वाया घालवतो. स्टॉप मोशन स्टुडिओसारख्या अॅपमध्ये आधीचा फोटो फिकट दिसत राहतो, त्याला ओनियन स्किन म्हणतात. पात्र किती हलवले हे त्यावरून कळते. फोकस, एक्स्पोजर (उजेडाचे प्रमाण) आणि व्हाइट बॅलन्स (रंगांची छटा) या तिन्ही गोष्टी कुलूपबंद केल्याशिवाय एकही फोटो घेऊ नये. फोटो घेण्यासाठी पडद्याला बोट लावू नये, ब्लूटूथ रिमोट वापरावा. डीएसएलआर असेल तर सगळे मॅन्युअलवर ठेवून आयएसओ (प्रकाशाची संवेदनशीलता) १००, लेन्सचे छिद्र एफ/८ च्या आसपास आणि शटर अर्ध्या सेकंदाच्या आगेमागे ठेवावे. लांब शटरमुळे एलईडी दिव्यांची लुकलुक एकाच फोटोत मिसळून जाते. छिद्र एफ/२२ पर्यंत आवळू नये. चित्र मऊ पडते, आणि दर वेळी छिद्राच्या पाकळ्या किंचित वेगळ्या मिटत असल्याने उजेडात होणारा फरकही वाढतो. जुनी, हाताने छिद्र फिरवण्याची लेन्स मिळाली तर ती सर्वांत चांगली.

जमिनीखाली सूर्य नसतो, त्यामुळे येथे प्रकाश ही सजावट नसून कथेचाच भाग आहे. पूर्ण काळोख दाखवण्यासाठी काळोख करून चालत नाही. प्रेक्षकाला भिंतीच्या कडा दिसल्या तरच अंधार अंधारासारखा वाटतो. मी मागून व वरून एक अगदी मंद निळसर दिवा ट्रेसिंग पेपरआड ठेवला होता आणि वरच्या फटीतून येणारा एकच पिवळसर, कडक, बारीक झोत दिला होता. मुंगळा त्या झोतात तीनदाच येतो: घरातून निघताना, दगडापाशी आणि शेवटी. झोत चौथ्यांदा वापरला असता तर त्याचे मोल उरले नसते. दिवे अॅडॅप्टरवरच चालवावेत. बॅटरी उतरत जाते आणि दिवसाअखेर भुयारात संध्याकाळ होते.

खिडक्या काळ्या कागदाने पूर्ण बंद कराव्यात. अंगात गडद कपडे असावेत, कारण रिठ्याच्या बीवर आपला पांढरा शर्ट चंद्रासारखा उमटतो. आणि फोटो घेताना दर वेळी एकाच जागी उभे राहावे, जमिनीवर चिकटपट्टीने पावले आखून घ्यावीत. पंखा बंद. लिफ्ट किंवा पाण्याचा पंप सुरू झाला की काही इमारतींत दिव्यांचा उजेड क्षणभर खाली बसतो. पंपाची वेळ ठाऊक असेल तर तेवढा वेळ चहाला द्यावा. घर रुळांजवळ असेल तर टेबलाच्या पायांखाली रबराचे तुकडे आणि टेबलाच्या खालच्या फळीवर विटा ठेवाव्यात, आणि तरीही कंप दिसत असेल तर शेवटची लोकल गेल्यावर काम करावे. मी ते केले आहे. शेजारी काय समजतात याची सवय होते.

हालचाल

येथे सर्वांत जास्त वेळ द्यावा. सजीव वस्तू एकदम निघत नाही आणि एकदम थांबत नाही. गांडूळ एका सेकंदात तीन सेंटिमीटर पुढे न्यायचे असेल तर बारा फोटोंत ते अडीच-अडीच मिलिमीटरने सरकवू नये. तसे केले तर ते आगगाडीच्या डब्यासारखे जाते. पहिल्या फोटोला अर्धा मिलिमीटर, मग १, २, ३, ४, साडेचार, पुन्हा साडेचार, आणि तेथून उतरत ४, ३, २, १, अर्धा. बेरीज ३० मिलिमीटर होते आणि गांडुळात जीव येतो. शिवाय ते सबंध सरकत नाही: पुढचा भाग लांब व बारीक होऊन पुढे जातो, तेथे जाड होऊन पकड घेतो आणि मग मागचा भाग ओढला जातो. पावसाळी सकाळी सोसायटीच्या आवारात दहा मिनिटे बसून ते मोबाइलवर टिपून आणावे.

मुंगळ्याची चाल तिपाईची असते. एका बाजूचा पुढचा व मागचा पाय आणि दुसऱ्या बाजूचा मधला पाय असे तीन एकदम उचलले जातात, उरलेले तीन जमिनीवर राहतात, मग अदलाबदल. खऱ्या वेगाने हे डोळ्यांना दिसतही नाही, म्हणून एका पावलाला चार फोटो द्यावेत. शरीर चालत असताना मिशा वेगळ्या लयीत हलाव्यात, आणि तो थांबल्यावर शरीर स्थिर ठेवून फक्त मिशा सात-आठ फोटो हलत्या राहाव्यात. माझ्या मते त्या आठ फोटोंत प्रेक्षक मुंगळ्याला मनात घेतो. पूर्ण स्थिर चित्र मात्र अर्ध्या सेकंदापेक्षा जास्त ठेवू नये. पट अडकल्यासारखा वाटतो.

मुंगळा पडताना किंवा उडी मारताना त्याला मागून तारेने धरावे लागते. अशा वेळी पात्र नसलेला रिकाम्या सेटचा एक फोटो आधी घेऊन ठेवावा. संकलनात तारेच्या जागी त्या फोटोचा तेवढा तुकडा ठेवून तार पुसता येते. हा रिकामा फोटो प्रत्येक प्रसंगाच्या आरंभी सवयीनेच घ्यावा, तार असो वा नसो.

पाणी खरे वापरू नये. ते सेट बिघडवते, दिव्यांखाली सुकते, आणि त्याचा थेंब पाचपट जगात पाचपट होत नाही. स्थिर थेंबांसाठी ग्लिसरीन, वाहत्या ओहोळासाठी केसांची पारदर्शक जेल. ओहोळाचे टोक दर फोटोला काडीने पुढे ओढावे आणि पृष्ठभागावर टाचणीने नवे ओरखडे काढत राहावे. काचेच्या प्लेटवर आधी सराव करावा, कारण जेल कचेत मुरली की त्या भिंतीला दुसरी संधी नसते.

आवाज आणि जुळवणी

जमिनीखाली आवाज जाड आणि जवळचा वाटतो. मोबाइल गादी-रजईच्या गुहेत ठेवून, रात्री रस्ता निवल्यावर ध्वनिमुद्रण करावे. मुंगळ्याच्या पावलांसाठी रिकाम्या काडेपेटीवर टाचण्या, माती ढासळण्यासाठी मुठीत चुरडलेले जाड पोहे, आणि वरच्या पावसासाठी स्टीलच्या परातीत उंचावरून सोडलेली मोहरी. पाऊस बिळातून ऐकू येतो असे वाटण्यासाठी त्यातील तीव्र स्वर कापून फक्त खर्ज ठेवावा आणि दगड हटतो त्या चौकटीवर तो पूर्ण मोकळा करावा. चित्राने जे कळत नाही ते या एका बदलाने कळते. दाव्हिंची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती या सगळ्याला पुरेशी आहे. फोटोंची प्रत दर बैठकीनंतर दुसऱ्या डिस्कवर जावी. पुढे स्पर्धांना पाठवायचे असेल तर मुंबईचा माहितीपट, लघुपट व अॅनिमेशनचा आंतरराष्ट्रीय महोत्सव आपल्या दाराशी आहे. १९९० पासून तो एक वर्षाआड भरतो. पाठवण्यापूर्वी संगीताचे हक्क आपल्याकडे आहेत की नाही ते पाहून घ्यावे.

आणि संकलन पूर्ण होईपर्यंत सेट मोडू नये. जुळवणी करताना कुठेतरी दहा-पंधरा फोटो कमी पडतातच. माझ्या लघुपटात दगड हटल्यानंतर मुंगळा मागे वळून पाहतो असे १४ फोटो हवे होते, पण तोवर गणपती आले होते आणि ते टेबल मखरासाठी लागल्याने सेट भंगारात गेला होता. घरात दुसरे टेबल नसेल तर निदान सेट उचलण्यापूर्वी कॅमेऱ्याची उंची, दिव्यांची अंतरे आणि चौथऱ्याच्या कडा मोजून वहीत लिहून ठेवाव्यात, टेबलावर चिकटपट्टीने खुणा कराव्यात, आणि तिन्ही मुंगळे डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांसह ठेवावेत.